वह्या आधी परत द्या

प्रश्न : मुलगा बारावी सायन्सला आहे, अकरावीला ७४ टक्के. एकांकिका लिहितो, त्यात कामही करतो. सीईटी होईपर्यंत मी त्याच्या लिखाणाच्या वह्या कपाटात कुलूपबंद केल्या आहेत. आता तो एरलंड योसेफसन या स्वीडिश नटाचा दाखला देतो. म्हणे तो नटही होता, लेखकही, आणि नाट्यशाळेत गेलाच नव्हता. दोन डगरींवर हात ठेवून पोट भरतं का?
— एक पालक, नाशिक

उत्तर : तुमच्या पत्रातल्या टक्क्यांची मला काळजी वाटली नाही, कुलपाची वाटली. मोबाइल काढून घेतला असतात तर मी गप्प बसले असते. पण स्वतःहून लिहायला बसणाऱ्या मुलाच्या वह्या तुम्ही जप्त केल्यात, जणू घरात दारूची बाटली सापडली. त्याने अभ्यास वाढत नाही. मुलगा लपवून लिहायला लागतो, आणि पुढे बापाला काहीच सांगेनासा होतो. तुमच्या पत्रात तो काय लिहितो याबद्दल एक ओळही नाही. वाचलंयत का कधी?

आता योसेफसन. जन्म १९२३, स्टॉकहोम. त्यांनी नाट्यशिक्षण घेतलं नव्हतं हे खरं. हौशी नाटकांत, पुढे मोठे नाट्य-चित्रपट दिग्दर्शक झालेल्या इंगमार बर्गमन यांच्याबरोबर काम करत ते पुढे आले. पण तुमचे चिरंजीव यातून ‘शिकायची गरज नाही’ असा अर्थ काढत असतील तर ते साफ चुकतात. १९४५ पासून हेल्सिंगबोर्ग, मग १९४९ ते ५६ योटेबोर्ग, तिथल्या नगर-नाट्यगृहांत ते नोकरीला होते. रोज तालीम, रात्री प्रयोग, पुढचं नाटक बसतंच आहे. अकरा वर्षं अशी काढल्यावर ते स्टॉकहोमच्या राष्ट्रीय नाट्यगृहात आले. १९६६ साली बर्गमन यांच्यानंतर त्याच नाट्यगृहाचे प्रमुख झाले आणि १९७५ पर्यंत ते पद सांभाळलं. जगाला त्यांचा चेहरा नीट कळला तो १९७३च्या, बर्गमन यांच्याच ‘सीन्स फ्रॉम अ मॅरेज’ या दूरदर्शन मालिकेमुळे, पन्नाशीच्या उंबरठ्यावर. अशी पगारी नटमंडळी पोसणारी नगर-नाट्यगृहं आपल्याकडे नाहीत, हेही त्याला सांगा.

दोन डगरींचं म्हणाल तर त्यांचं लिखाण नटकामाच्या आड आलेलं मला दिसत नाही. पुस्तकं १९४०च्या दशकापासूनच येत होती : कविता, कादंबऱ्या, नाटकं, नंतर आठवणी. १९६१ साली तर बर्गमन आणि त्यांनी मिळून एका विनोदी चित्रपटाची पटकथा लिहिली, दोघांचं मिळून एकच टोपणनाव घेऊन! नाटकवाल्याने लिहिणं ही दुसरी डगर कशी? स्वतः लिहिलेली एकांकिका स्वतः करणारा मुलगा एकच काम करतोय.

नाटक शिकायच्या वाटा नेहमीच्याच : पुण्यात विद्यापीठाचं ललित कला केंद्र आहे, दिल्लीच्या एनएसडीला (राष्ट्रीय नाट्य विद्यालयाला) आधी पदवी लागते. सीईटी द्यायला हरकत नाही, पण इंजिनिअरिंगला घालायचं ते त्याला गणित आवडत असेल तरच. नाटक विसरावं म्हणून चार वर्षांची फी भरू नका.

वह्या आज परत करा. आणि पुढचं पत्र त्याला लिहू द्या, पाठवण्याआधी तपासू नका.