चावट सिनेमा, तीन मित्र आणि वहीचं मागचं पान

प्रिय ताई,

माझा मुलगा बारा वर्षांचा आहे. बालवाडीपासून त्याची दोन मुलांशी गट्टी आहे. तिघं एकमेकांच्या घरातच वाढलेत म्हटलं तरी चालेल. गेल्या शनिवारी 'प्रोजेक्ट करतोय' असं सांगून तिघांनी एका मित्राकडे, त्याच्या मोठ्या भावाच्या अकाउंटवरून, एक परदेशी सिनेमा पाहिला. सिनेमा त्यांच्याच वयाच्या मुलांवरचा, पण मोठ्यांसाठी काढलेला. मी नंतर दहा मिनिटं पाहिला आणि बंद केला, इतकी घाणेरडी भाषा! मग दप्तर तपासलं. गणिताच्या वहीच्या मागच्या पानावर तिघांच्या अक्षरात एक यादी सापडली. डावीकडे शब्द, उजवीकडे त्यांनी लावलेले अर्थ. बहुतेक अर्थ साफ चुकीचे. वर्गातल्या एका मुलीला ठेवलेलं नावही त्यात आहे. शेवटी माझ्या मुलाच्या अक्षरात 'छातीत गाठ = कॅन्सर?' असलं काहीतरी. नवऱ्याला दाखवलं तर तो पोट धरून हसला. म्हणाला, आम्हीही हेच उद्योग केले. माझ्या मात्र पायाखालची जमीन सरकली. ही मैत्री आत्ताच तोडायची, शाळेत तुकडी बदलून घ्यायची असं मी ठरवलंय. तेव्हापासून मुलाशी धड बोललेही नाही. बरोबर करतेय ना?

एक आई

प्रिय मैत्रिणी,

त्या यादीतली सगळ्यात महत्त्वाची ओळ तुम्ही 'असलं काहीतरी' म्हणून सोडून दिलीत. 'छातीत गाठ = कॅन्सर?' बाकीच्या शब्दांपुढे मुलांनी ठोकून अर्थ लिहिलेत. या एकाच ओळीपुढे प्रश्नचिन्ह आहे, आणि ती ओळ तुमच्या मुलानं एकट्यानं लिहिली आहे. मला तर वाटतं, तो गेले कित्येक दिवस अंघोळीच्या वेळी छाती चाचपून पाहत असावा आणि कुणाला विचारायचं हे त्याला कळत नसावं. ज्या पानावर काहीही लिहिलं तरी कुणी हसणार नाही असं एकच पान त्याला ठाऊक होतं, तिथे त्यानं ते लिहिलं.

म्हणून आधी त्याचं उत्तर देते. वयात येताना जवळपास निम्म्या मुलग्यांना स्तनाग्रामागे बटणाएवढी गाठ लागते. कधी एका बाजूला, कधी दोन्हीकडे. शर्ट घासला तरी दुखते. शरीरातल्या संप्रेरकांचं प्रमाण त्या काळात खालीवर होत असतं, त्यामुळे हे घडतं. बहुतेकांची गाठ सहा महिने ते दोन वर्षांत आपोआप विरते. या वयात ती कॅन्सरची असणं अत्यंत दुर्मीळ. तरीही डॉक्टरांना एकदा दाखवा, कारण तुमच्या मुलाला 'काही नाही रे' हे आईबाबांपेक्षा डॉक्टरांच्या तोंडून ऐकायची जास्त गरज आहे. गाठ भराभर वाढत असेल, दगडासारखी कडक लागत असेल, वरची त्वचा लाल झाली असेल किंवा त्यातून पाणी येत असेल, तर मात्र थांबू नका, लगेच जा.

मुलींना निदान पाळीच्या निमित्तानं घरात कुणीतरी चार गोष्टी सांगतं. मुलग्यांना कोण सांगतं? त्यांच्यातले बदल 9 ते 14 या वयात केव्हाही सुरू होतात. आवाज फुटतो, घामाला वास येऊ लागतो, एक मित्र हातभर वाढतो आणि दुसरा तसाच राहतो, आणि या सगळ्याबद्दल घरात अवाक्षर निघत नाही. मग मुलं आपसांत विचारतात. ज्याला काही माहीत नाही तो ज्याला त्याहून कमी माहीत आहे त्याला सांगतो. तुम्ही लिहिलंत की बहुतेक अर्थ साफ चुकीचे आहेत. ते वाचून मला मुलं बिघडल्यासारखी वाटली नाहीत. ती किती लहान आहेत, हे दिसलं.

आता त्या सिनेमाबद्दल. बारा वर्षांच्या मुलानं तो पाहू नये, हे तुमचं म्हणणं मला पूर्ण मान्य आहे, पण शिव्यांमुळे नव्हे. शिव्या त्याला शाळेच्या मैदानावर फुकटात मिळतात. अडचण वेगळी आहे. अशा सिनेमात लहान मुलं मोठ्यांच्या भाषेत बोलतात आणि त्यांना स्वतःला त्यातलं काही कळत नसतं. आपल्याला कळतं, म्हणून आपण हसतो. तो विनोदच मुळी मोठ्यांसाठी रचलेला असतो. बारा वर्षांचा मुलगा पाहतो तेव्हा त्याला एवढंच दिसतं की आपल्याच वयाची मुलं असं बोलतात, सगळे त्यांना हसून दाद देतात, आणि आपल्याला मात्र अर्थही माहीत नाही. आपण मागे पडलो, असं त्याला वाटतं. यादी त्यातूनच आली असणार. अमेरिकेत असे सिनेमे बहुधा 'आर' प्रमाणपत्र घेऊन येतात. म्हणजे 17 वर्षांखालच्या मुलाला पालक किंवा जबाबदार मोठं माणूस सोबत असल्याशिवाय चित्रपटगृहात सोडत नाहीत. पडद्यावर काम करणाऱ्या मुलांनाही स्वतःचाच सिनेमा एकट्यानं जाऊन बघता येत नाही. हे मुलाला जरूर सांगा. 'घाण आहे म्हणून बघायचं नाही' यापेक्षा 'हा तुझ्याबद्दल असला तरी तुझ्यासाठी नाही' हे कारण त्याला पटेल. आणि पुढचा प्रश्न मोकळेपणानं विचारा: कुठे हसू आलं, आणि कुठे काही कळलंच नाही? तो लाजेल, नाक उडवेल, 'काही नाही गं' म्हणेल. म्हणू द्या. प्रश्न त्याच्या कानावर गेला, आज तेवढं पुरे.

मैत्री तोडू नका. तुकडी बदलून घेण्याचा अर्जही करू नका. हे मी तळमळीनं सांगते आहे.

तुम्हाला वाटतं की या दोघांनी तुमच्या मुलाला नादाला लावलं. त्यांच्या आयांनाही सध्या नेमकं हेच वाटत असेल, फक्त बोट तुमच्या मुलाकडे असेल. मार्गो गार्डनर आणि लॉरेन्स स्टाइनबर्ग या मानसशास्त्रज्ञांनी 2005 साली एक प्रयोग प्रसिद्ध केला. वेगवेगळ्या वयाच्या लोकांना संगणकावर गाडी चालवण्याचा खेळ दिला, कधी एकट्यानं, कधी मित्रांच्या देखत. 13 ते 16 वयाची मुलं मित्र बघत असताना कितीतरी जास्त धोका पत्करत होती. 24 च्या पुढच्या माणसांवर मात्र मित्र असण्या-नसण्याचा फारसा परिणाम होत नव्हता. तुमचा मुलगा त्या गटाच्या उंबरठ्यावर आहे. तिघं जमली की तिघांपैकी कुणालाही एकट्याला न सुचणारे उपद्व्याप होणार. तुम्ही हे दोघे काढून घेतले तरी दुसरे दोघे येतील, आणि ते कोण, कुठले, त्यांच्या घरी कोण असतं, हे तुम्हाला ठाऊकही नसेल. या दोघांच्या आया तुम्हाला नावानिशी माहीत आहेत. केवढी मोठी गोष्ट आहे ही!

आणखी एक. न्यूयॉर्क विद्यापीठातल्या नायोबी वे यांनी किशोरवयीन मुलग्यांच्या वर्षानुवर्षं मुलाखती घेतल्या. तेरा-चौदाव्या वर्षी ही मुलं आपल्या जिवलग मित्राबद्दल विलक्षण प्रेमानं बोलतात, मनातलं गुपित फक्त त्यालाच सांगतो म्हणतात. पुढे, शाळा संपत येईतो, त्यांतल्या बऱ्याच जणांची ही जवळीक सुटते. मित्राशी इतकं जिवाभावाचं असणं पुरुषाला शोभत नाही, असं त्यांच्या मनात भरवलं जातं, आणि ती एकटी पडतात. तुमच्या मुलाकडे आज असे दोन मित्र आहेत ज्यांच्या देखत तो 'मला कॅन्सर असेल का' हे लिहू शकला. कित्येक मोठ्या पुरुषांकडे असा एकही नसतो. ते तुम्ही तुमच्या हातानं तोडू नये असं मला मनापासून वाटतं.

जिथे कडक व्हायचं ती जागा यादीत वेगळीच आहे, आणि तीही तुमच्या पत्रात एका वाक्यात आटोपली आहे. वर्गातल्या मुलीला ठेवलेलं ते नाव. सिनेमातल्या शब्दांनी कुणाला इजा झाली नाही. या नावानं होऊ शकते. याबद्दल मुलाशी बोलताना आवाजात हसू नको की आरडाओरडाही नको. सरळ विचारा: हे नाव वर्गात कुणी मोठ्यानं घेतलं का? तिच्या कानावर गेलं का? गेलं असेल तर तिघांनी ते थांबवायचं, तिची माफी मागायची, आणि वर्गशिक्षिकेला तुम्ही स्वतः सांगायचं. वहीबाहेर गेलंच नसेल तर त्या मुलीला यात ओढू नका. माफीच्या निमित्तानं तिला ते नाव पहिल्यांदा ऐकवणं हा तिच्यावर अन्यायच. मुलाला ते तुमच्यासमोर खोडायला लावा आणि का खोडायचं तेही समजावा. त्याच बैठकीत फोनचंही सांगून टाका: कुणाचा फोटो त्याला न विचारता काढायचा नाही, आलेला पुढे पाठवायचा नाही, आणि एखाद्याला रडवून बाकीचे हसत असतील तर तिथून उठून यायचं. त्याला मस्ती म्हणत नाहीत.

तुमच्या यजमानांना माझा निरोप द्या. त्यांना हसू आलं यात काही वावगं नाही. पण 'आम्हीही हेच केलं' एवढ्यावर थांबू नका म्हणावं. त्या वयात त्यांना स्वतःला कशाची भीती वाटायची, कुणाला विचारलं, काय उत्तर मिळालं, हे त्यांनी मुलाला सांगावं. छातीच्या गाठीचं बोलणं बाबांनी केलं तर फार बरं होईल. समोरासमोर बसवून नको. चालताना, सायकल पुसताना, एकमेकांच्या तोंडाकडे बघावं लागत नाही अशा वेळी. सुरुवातीला एवढं पुरे: 'वहीतलं शेवटचं वाचलं. तसं बऱ्याच मुलांना होतं. आपण डॉक्टरांना दाखवून येऊ.' बाकीच्या यादीचा त्या वेळी विषयसुद्धा नको.

आणि तुम्ही? वही उघडून पाहिलीत हे त्याला आपणहून सांगा, त्यानं ओळखायच्या आत. खोटं बोलून सिनेमा पाहिला याची काही शिक्षा हवीच असेल तर द्या, पण ती खोटं बोलण्याची असू दे आणि संपणारी असू दे. तुमचा अबोला ही संपणारी शिक्षा नाही. तो आज रात्रीच सोडा. एखादं पुस्तकही आणून ठेवा, मुलांच्या शरीरात होणाऱ्या बदलांची चित्रांसह नीट माहिती देणारं. त्याच्या खोलीत ठेवा आणि 'वाचलंस का?' असं विचारू नका. यादीतले चुकीचे अर्थ त्यातून एकेक करून दुरुस्त होतील, आणि तिन्ही घरांत पोचतील, कारण तो ते पुस्तक त्या दोघांना दाखवल्याशिवाय राहणार नाही.

त्या मित्रांच्या आयांना फोन करा, पण 'तुमच्या मुलानं' या शब्दांनी सुरुवात नको. 'आपल्या तिघांनी काय केलंय ते कळलं का?' असं म्हणा. मोठ्या भावाच्या अकाउंटला पासवर्ड टाकायचं त्या घरावर सोपवा. आणि येत्या शनिवारी तिघांना तुमच्याकडे बोलवा. त्याआधी डॉक्टरांकडची वेळ तेवढी ठरवून टाका.

तुमची,
ताई