‘रुदाली’: सिनेमावरून नको, कथेवरून

प्रश्न : आमचा गट महाश्वेता देवींच्या ‘रुदाली’वर अहिराणीत पाऊण तासाची एकांकिका करतोय. सिनेमा पाहून संहिता लिहायला घेतली आहे. पटकथा त्यांचीच आहे ना? परवानगी लागेल का?
– एक वाचक, अमळनेर

उत्तर : पटकथा त्यांची नाही. कल्पना लाजमी यांचा १९९३चा सिनेमा महाश्वेता देवींच्या कथेवर बेतलेला आहे, आणि त्यात बरंच बदललं आहे. लिहिलेलं बाजूला ठेवा आणि आधी कथा वाचा.

रुदाली म्हणजे मोल घेऊन मयतीला रडणारी बाई; शनिचरी ही कथेची नायिका. सिनेमा राजस्थानात घडतो, कथा पलामूकडच्या (आताच्या झारखंडातल्या) ताहाड गावात. सिनेमात भिखनी ही शनिचरीची आई निघते आणि ते कळल्यावर शनिचरीचे अडलेले अश्रू वाहतात. कथेत असं काही नाही. बिखनी ही तिची जुनी मैत्रीण, नातू शोधताना बाजारात भेटलेली. तिच्या मरणानंतरही शनिचरी रडत बसत नाही. ती तोहरीच्या वेश्यावस्तीत जाते आणि तिथल्या बायांना जमीनदार गंभीरसिंगच्या मयतीला रडायला आणते. इतक्या बायांचे पैसे मोजताना त्याच्या गुमास्त्याला घाम फुटतो. हाच शेवट ठेवा. गाणं घालून तो ओला केलात, तर कथेचा कणाच मोडेल.

तो कणा म्हणजे पैसा. नुसतं रडायचा दर वेगळा, जमिनीवर लोळून रडायचा जास्त, डोकं आपटून घ्यायचा त्याहून जास्त. ही बोली रंगमंचावर ठसठशीत ऐकू येऊ द्या. त्याआधी नवऱ्याच्या क्रियाकर्मासाठी मालकाकडून काढलेलं कर्ज आणि ते फेडायची वेठबिगारी दाखवायलाच हवी. शनिचरी घरचं कुणी मेल्यावर का रडली नाही, याचं उत्तर तिथं आहे: दर मरणासोबत खर्च आला, रडायला उसंत मिळाली नाही. हा भाग दहा मिनिटांत बसवा. बहुतेक गट इथंच वेळ घालवतात, आणि मग शनिचरी-बिखनीच्या रडण्याच्या धंद्याला, म्हणजे नाटकाच्या खऱ्या मजकुराला, जागाच उरत नाही.

बोली खुशाल अहिराणी ठेवा, गाव मात्र ताहाडच राहू द्या. आपल्याकडे मेल्या घरी बाया हेल काढून रडतात ते नात्यापोटी. मोल घेऊन रडणं ही खान्देशची रीत म्हणून दाखवू नका. सालदाराची उचल प्रेक्षकाला लगेच आठवेल, पण सालदारकी आणि कथेतली वेठबिगारी एक नव्हे.

परवानगी लागेल. महाश्वेता देवी २८ जुलै २०१६ रोजी गेल्या. आपल्या कायद्यात लेखकाचा हक्क मृत्यूनंतर ६० वर्षं टिकतो, म्हणजे २०७६अखेरपर्यंत. प्रकाशकामार्फत वारसांकडून रूपांतराची लेखी परवानगी घ्या. संहिता मराठी अनुवादावरून केलीत, तर अनुवादकाचीही स्वतंत्र परवानगी घ्यावी लागेल. हे तालमीआधी करा.