आधी लिफ्ट मोज

प्रिय मुली,
अनेक आशीर्वाद.

तू ठेवून गेलेली वीस मजली ऑफिस इमारतीची ड्रॉइंग्ज काल रात्री जेवणं आटोपल्यावर टेबलावर पसरली. एलिव्हेशन, म्हणजे बाहेरून दिसणारा चेहरा, देखणा झालाय, वाद नाही. निळी काच, वर निमुळता होत गेलेला माथा. रात्रीच्या चित्रात तर आपला कोल्हापूरचा स्टेशन रोड ओळखूच येत नाही. मालक ‘जगात भारी’ म्हणाला असणार. पण मला सात शीट उलटल्यावर कुठे कोअर, म्हणजे लिफ्ट-जिन्यांचा गाभा, सापडला, आणि त्यात चारच लिफ्ट बघून मी चष्मा काढून ठेवला.

हिशोब मांडतो, तूही कागद घे. तुझा मजला 40 बाय 25 मीटर, म्हणजे 1000 चौरस मीटर. जिने, लिफ्ट, टॉयलेट, पाइप-वायरींचे डक्ट आणि भिंतींत पाव भाग गेला, उरले 750. नॅशनल बिल्डिंग कोड ऑफिससाठी माणशी 10 चौरस मीटर धरतो. मजल्याला 75 माणसं. तळमजला सोडून 19 मजले, म्हणजे सव्वाचौदाशेच्या आसपास. राहत्या इमारतीत माणसं दिवसभर पांगून ये-जा करतात, ऑफिसात सगळी एकदम येतात. सकाळच्या गर्दीच्या पाच मिनिटांत त्यातली 12 टक्के तरी वर पोचली पाहिजेत, हा लिफ्टवाल्यांचा जुना ठोकताळा. म्हणजे 170 जण. तेरा जणांची लिफ्ट प्रत्यक्षात दहा जणांना घेऊन सुटते (आपल्या गावात, त्यात दोन पैलवान असले तर आठ). सत्तर-पंचाहत्तर मीटर चढायचं, सात-आठ ठिकाणी दार उघडायचं आणि रिकामं खाली यायचं, यात अडीच मिनिटं जातात. पाच मिनिटांत दोन फेऱ्या, वीस माणसं. तुझ्या चार लिफ्ट ऐंशी जणांना नेतील, उरलेले नव्वद लॉबीत घड्याळ बघत उभे.

170 जणांना आठ-नऊ लिफ्ट लागतात. आता आठ लिफ्ट तुझ्या कोअरमध्ये घालून बघ. मावत नाहीत. कोअर फुगवलास तर विकायची जागा घटते आणि मालकाचं तोंड उतरतं. अशा वेळी लिफ्टचे दोन गट करतात. चार लिफ्ट दहाव्यापर्यंतच जातात, चार थेट अकराव्यापासून पुढे थांबतात. थांबे कमी झाले की फेरी लवकर संपते, त्यामुळे एखादी लिफ्ट वाचेलही. शिवाय खालच्या गटाचे शाफ्ट, म्हणजे लिफ्टच्या उभ्या विहिरी, अकरा-बारापाशी संपतात आणि ती जागा वरच्या मजल्यांना परत मिळते. ज्या मजल्याला भाव जास्त, तिथेच जागा वाढते. हे मालकाला सांग, त्याचा चेहरा पुन्हा खुलेल. तू बाहेरून आत आलीस. अशी इमारत आतून बाहेर काढायची असते.

कोअर कुठे ठेवायचा? तू मधोमध ठेवलास, पुस्तकात असतो तसा. मी असतो तर पश्चिमेला सरकवला असता. आपला पाऊस गगनबावड्याकडून येतो आणि आडवा झोडपतो. एप्रिल-मेचं चारनंतरचं ऊनही त्याच बाजूनं. तिथे काच लावायची, मग पडदे ओढायचे, मग एसी वाढवायचा आणि दिवसा ट्यूब लावून बसायचं, हा धंदा मी पुष्कळ पाहिलाय. त्या भिंतीला जिने, लिफ्ट, टॉयलेट जाऊ देत. काच उत्तरेला मोकळी सोड. उजेड खिडकीच्या उंचीच्या दोन-अडीचपट आत जातो. तीन मीटरच्या खिडकीला सहा-सात मीटर. त्यापलीकडे बसलेल्या माणसाला निळी काच काय आणि भिंत काय, सारखीच. अर्थात, कोअर एका कडेला गेला की भूकंपात इमारत पिळवटते. त्यासाठी समोरच्या बाजूला ताकद द्यावी लागेल. इमारतीचा सांगाडा ठरवणारा आरसीसी कन्सल्टंट कुरकुरेल. कुरकुरू दे, पण त्याला आजच बोलाव, ड्रॉइंग पक्कं झाल्यावर नको. 50 मीटरच्या वर उंच इमारतींचा वेगळा आयएस कोड (भारतीय मानक) लागतो, 16700. तो त्याच्याकडे आहे का, हेही विचार.

मालकाला तळाला दुप्पट उंचीचं शोरूम हवंय, भिंती नकोत, हे चित्रात दिसलंच. कोयनेचा भूकंप झाला, 11 डिसेंबर 1967, तेव्हा मी शाळेत होतो. पहाटे फडताळातली भांडी खाली आली, एवढंच माझं ज्ञान. खरा धडा 2001 ला भूजच्या भूकंपानंतर अहमदाबादेत मिळाला. खाली पार्किंगसाठी नुसते खांब आणि वर भिंतींनी भरलेले मजले, अशा कितीतरी इमारती तळालाच बसल्या. शोरूम कर, पण कोअरच्या भिंती पायापर्यंत सलग उतरल्या पाहिजेत. त्यात दार पाडायला कुणी आलं तर हात धर.

सावलीचं तू कुठे काढलंच नाहीस. न्यूयॉर्कात 1915 ला इक्विटेबल बिल्डिंग 38 मजले सरळसोट उभी राहिली, आजूबाजूच्या गल्ल्या अंधारल्या आणि पुढच्याच वर्षी शहरानं कायदा केला, की वर जाताना इमारत मागे सरली पाहिजे. आपल्याला एवढं लांब जायची गरज नाही. अंबाबाईचा किरणोत्सव तू लहानपणापासून बघतेस. नोव्हेंबरात 9, 10, 11 आणि मग 31 जानेवारी, 1 आणि 2 फेब्रुवारी. दोन्ही वेळा सूर्य विषुववृत्ताच्या दक्षिणेला साधारण 17 अंशांवर असतो, म्हणून मावळतीचा तोच झोत वर्षातून दोनदा महाद्वारातून आत येतो. त्या वाटेत वाढलेल्या बांधकामांची मोजणी झाली, काही अडथळे महापालिकेला काढावे लागले. तुझा प्लॉट देवळाच्या पूर्वेला, तेव्हा तो प्रश्न नाही. पण मागच्या गल्लीतल्या घरांच्या अंगणात डिसेंबरात ऊन किती वाजता येणार, हे काढून ठेव. ती माणसं विचारायला येतीलच.

आता बेसमेंट. इथे मी थोडा रेंगाळणार आहे, कारण इथे मी स्वतः पडलोय.

2005 च्या पुराआधी नाल्याकाठच्या एका चार मजली ऑफिसचं काम माझ्याकडे होतं. मालक जागा सोडेना, म्हणून मीटर, मेन पॅनेल, पंप सगळं बेसमेंटमध्ये घातलं. रॅम्पच्या तोंडाशी उंचवटा केला आणि समाधान मानलं. नदीचं पाणी समोरून आलंच नाही, नाल्यातून उलटं चढून ड्रेनेजच्या चेंबरमधून वर आलं. उंचवटा कोरडाच राहिला. पुढे किती दिवस ती इमारत अंधारात होती, ते सांगत नाही.

पंचगंगेच्या राजाराम बंधाऱ्यावर 39 फुटांना इशारा आणि 43 ला धोका, हे आपल्याकडे शेंबड्या पोरालाही पाठ असतं. 2019 ला पातळी 55 फुटांच्या वर गेली, शिरोलीजवळ हायवे बंद पडला, आणि व्हीनस कॉर्नरला लोकांना नावेतून काढलं. तुझा प्लॉट तिथून चालत पाच मिनिटांवर. तरी तुझ्या बेसमेंटमध्ये ट्रान्सफॉर्मर आहे, डीजी सेट (जनरेटर) आहे, फायर पंपही आहे! दोन मजली पार्किंग खाली राहू दे, गाड्या हलवता येतात. पण वीज पहिल्या मजल्यावर ने. मालक म्हणेल, पहिला मजला सोन्याचा आहे. त्याला विचार, वीज बंद पडल्यावर एकोणिसावा मजला कशाचा आहे? कारण उंच इमारतीत वीज गेली की नुसता दिवा जात नाही, लिफ्ट जाते, पाणी जातं, आग लागली तर विझवायचं साधन जातं. ड्रेनेजच्या प्रत्येक लाइनला उलटं पाणी अडवणारा व्हॉल्व्ह दाखव. आणि खोदाईच्या आधी ट्रायल बोअर घे. आपल्याकडे काळी माती, मग मुरूम, मग कातळ, हे खरं असलं तरी कातळ एका कोपऱ्यात चार मीटरवर आणि दुसऱ्यात दहावर लागलेला मी पाहिलाय.

जिन्यांबद्दल एकच. दोन्ही एकमेकांना पाठ लावून काढलेत. धूर भरला तर दोन्ही एकदमच भरतील. लांब कर.

शेवटी पैशाचं. हायकोर्टाचं सर्किट बेंच 18 ऑगस्ट 2025 ला सुरू झाल्यापासून सहा जिल्ह्यांचे वकील इथे जागा शोधतायत, हे मालकाचं म्हणणं खरं आहे. पण आपल्याकडे माणूस मजला भाड्यानं घेत नाही, गाळा विकत घेतो आणि दारावर बापाच्या नावाची पाटी लावतो. दीडशे मालक झाले की आठ लिफ्टचा मेंटेनन्स कोण भरणार? तळमजल्याचा शोरूमवाला म्हणेल, मी कधी लिफ्टमध्ये बसतो? चार मजल्यांच्या इमारतीत ही भांडणं जिन्यात मिटतात, वीस मजल्यांत नाही. म्हणून मालकानं गाळे विकायचे की इमारत स्वतःकडे ठेवून भाड्यानं द्यायची, हे पहिल्या मीटिंगलाच विचार. उत्तरावर मीटर किती, डक्ट किती, एसी मजल्याचा की गाळ्याचा, सगळं ठरतं.

रविवारी सकाळी ये. पूररेषेचा नकाशा घेऊन ये, निळी आणि लाल दोन्ही रेषा असलेला. आधी प्लॉटवर जाऊ आणि 2019 चं पाणी कुठवर होतं ते शेजारच्या चहावाल्याला विचारू. त्याच्या भिंतीवर अजून डाग आहे. मग घरी येऊन कोअर काढू. एलिव्हेशनची शीट आणू नकोस.

तुझा,
सर