इंग्लंडमध्ये लेबलशिवाय ब्लूज गाणाऱ्या गायिकेचं अर्थकारण

तुमचा प्रश्न असा आहे: इंग्लंडमधली एखादी गायिका स्वतःच गाणी लिहिते, ब्लूज (आफ्रिकन-अमेरिकन लोकसंगीतातून आलेली शैली) आणि ऑल्टरनेटिव्ह (मुख्य प्रवाहाबाहेरचं रॉक) दोन्ही गाते, पाठीशी लेबल (रेकॉर्ड कंपनी) नाही, मग तिचं करिअर चालतं कसं, आणि पैसे नेमके कुठून येतात?

आधी एक गोष्ट पक्की समजून घ्या. एका गाण्यात दोन मालमत्ता असतात. शब्द आणि चाल ही एक, त्यांचं रेकॉर्डिंग ही दुसरी. पहिलीची नोंद पीआरएस या गीतकार-संगीतकारांसाठी रॉयल्टी गोळा करणाऱ्या संस्थेकडे करायची, दुसरीची पीपीएल या रेकॉर्डिंगसाठी तेच काम करणाऱ्या संस्थेकडे. पुष्कळजण पीआरएसचं सभासदत्व घेऊन थांबतात आणि रेडिओवर वाजलेल्या रेकॉर्डिंगचे पैसे तसेच पडून राहतात. पीपीएलला प्रवेश फी नाही. प्रत्येक ट्रॅकला लागणारा १२ अक्षर-अंकांचा आयएसआरसी कोडही (त्या रेकॉर्डिंगची ओळख सांगणारा क्रमांक) तिथूनच मिळतो. पीपीएल ब्रिटनमधल्या वाटपात अर्धा हिस्सा रेकॉर्डिंगच्या मालकाला आणि अर्धा वाजवणाऱ्या-गाणाऱ्यांना देते. रेकॉर्डिंग स्वतःचं असेल तर गायिकेला दोन्हीकडून मिळतं. लेबल नसण्याचा खरा फायदा हाच, म्हणून मास्टरचे (मूळ रेकॉर्डिंगचे) हक्क थोड्याशा आगाऊ रकमेसाठी देऊ नयेत असं मला मनापासून वाटतं.

इथे घोळ होतो तो हिश्शांचा. गाणं तिघांनी मिळून केलं आणि प्रत्येकाने आपापल्या अंदाजाने टक्के नोंदवले, तर बेरीज १०० च्या वर जाते आणि वाद मिटेपर्यंत पैसे अडकतात. गाणं पूर्ण झालं त्याच दिवशी टक्के कागदावर लिहून सह्या घ्याव्यात. ब्लूजमध्ये आणखी एक काळजी घ्यावी लागते. बारा बारचा साचा (बारा मात्रागटांत फिरणारी ठरलेली स्वररचना) कुणाच्या मालकीचा नाही, पण त्यावरचे शब्द आणि चाल असू शकतात. जुनं गाणं 'पारंपरिक' म्हणून नोंदवण्याआधी ते खरोखर पारंपरिक आहे का, हे तपासायलाच हवं.

आता कार्यक्रमांकडे वळू. नमुन्यादाखल हिशेब: छोटा हॉल, ८० तिकिटं, प्रत्येकी १४ पौंड, म्हणजे गल्ला १,१२०. आयोजक व्हॅट भरत असेल तर २० टक्के व्हॅट वजा जाता ९३३ उरतात. त्यावर पीआरएसचे ४.२ टक्के, म्हणजे ३९. हॉल, साऊंड इंजिनिअर आणि जाहिरातीचे ३०० धरा. उरले ५९४. करार ८०-२० चा (कलाकाराला ८०, आयोजकाला २० टक्के) असेल तर कलाकाराच्या हातात ४७५ येतात. एकटीच गिटार घेऊन गेली तर ही बरी बिदागी आहे. चौघांचा बँड, व्हॅनचं डिझेल आणि मुक्काम धरला तर जवळपास काहीच उरत नाही. म्हणूनच हे कलाकार एकटं, दोघांत आणि पूर्ण बँडसह असे तीन संच तयार ठेवतात आणि जागा पाहून संच ठरवतात.

त्या ३९ पौंडांतला आपला वाटा परत मिळवायचा तर वाजवलेल्या गाण्यांची यादी पीआरएसकडे भरावी लागते. हे काम रात्री घरी पोचल्यावर लगेच करावं. महिने उलटले की मुदतही निघून जाते.

दोन शैलींमध्ये उभं राहण्याची एक अडचण आहे. ब्लूज क्लब बहुतेक स्वयंसेवक चालवतात, श्रोते वयाने मोठे असतात, आणि कार्यक्रमानंतर टेबलाशी येऊन सही केलेली सीडी विकत घेतात. ऑल्टरनेटिव्हचे श्रोते तरुण, ते स्ट्रीम करतात. त्यामुळे सीडी बंद करणं ही मोठी चूक ठरते. मोठ्या हॉलमध्ये विक्रीवर कमिशन कापतात, ते बुकिंगच्या वेळीच विचारून घ्या; कमिशन न घेणाऱ्या जागांची यादी फीचर्ड आर्टिस्ट्स कोएलिशन ही कलाकारांची संघटना ठेवते.

विनाइल काढायची असेल तर १२ इंची तबकडीच्या एका बाजूला साधारण २० मिनिटं धरा. त्याहून लांबवलं की खाचा जवळजवळ येतात आणि आवाजाची पातळी खाली आणावी लागते. बाजूच्या शेवटी, आतल्या खाचांत, तार स्वर फाटतात, म्हणून तिथे शांत गाणं ठेवावं. आधी टेस्ट प्रेसिंग (नमुन्याची तबकडी) ऐकल्याशिवाय मंजुरी देऊ नये.

स्ट्रीमिंगवर पोट भरत नाही. २०२४ पासून स्पॉटिफायवर मागच्या १२ महिन्यांत १,००० वेळा न वाजलेल्या ट्रॅकला त्यांच्या रॉयल्टीतून काहीच मिळत नाही. तरी नवं गाणं प्रकाशनाच्या किमान सात दिवस आधी त्यांच्याकडे पाठवावं, म्हणजे फॉलो करणाऱ्यांच्या 'रिलीज रडार' या नव्या गाण्यांच्या यादीत ते येतं. बँडकॅम्प ही संगीतविक्रीची वेबसाइट डिजिटल विक्रीवर १५ टक्के घेते, बाकीचं बव्हंशी कलाकाराचं, शिवाय खरेदीदाराचा ईमेल मिळतो. पुढच्या दौऱ्यात त्या गावच्या लोकांना कळवायला तो फार उपयोगी पडतो. रेडिओसाठी बीबीसी इंट्रोड्यूसिंग या नवोदितांच्या उपक्रमावर गाणं विनामूल्य चढवता येतं.

स्पर्धांनी दारं उघडतात. मँचेस्टरची काइला ब्रॉक्स यूके ब्लूज चॅलेंज जिंकून पुढे गेली आणि २०१९ मध्ये पोर्तुगालच्या अझोर्स बेटांवर युरोपियन ब्लूज चॅलेंजही तिने जिंकलं.

ब्रेक्झिटमुळे युरोपचा दौरा मात्र १ जानेवारी २०२१ पासून अवघड झाला. शेंगेन देशांत (युरोपातल्या सामाईक सीमा असलेल्या देशांत) १८० दिवसांत ९० दिवसच राहता येतं, आणि कामाच्या परवान्याचे नियम देशागणिक वेगळे. हातातली गिटार चालते, पण व्हॅनभर ॲम्प मालवाहतूक म्हणून गेले तर एटीए कार्ने (सामान तात्पुरतं नेऊन परत आणण्याचा कस्टम्सचा दस्तऐवज) लागतो. विकायला नेलेले टी-शर्ट आणि सीडी कार्नेत बसत नाहीत, त्यांची कस्टम्सला स्वतंत्र नोंद करावी लागते. जुन्या गिटारीला ब्राझिलियन रोझवुड असेल तर साइट्सचा (दुर्मिळ वनस्पती-प्राण्यांच्या व्यापारावरच्या आंतरराष्ट्रीय कराराचा) दाखला हवा. नसेल तर वाद्य सीमेवर जप्त होऊ शकतं.

कराचं वर्ष ६ एप्रिलला सुरू होतं. स्वतंत्र व्यवसायाची उलाढाल वर्षात १,००० पौंडांच्या वर गेली की वर्ष संपल्यानंतरच्या ५ ऑक्टोबरपर्यंत नोंदणी करावी लागते.

इंग्लंडमध्ये राहून लिहिणाऱ्या मराठी कलाकारांसाठी एक सूचना: पीआरएसचं भारतातलं काम आयपीआरएस ही इथली तशीच संस्था करते. तुम्ही आधीच आयपीआरएसचे सभासद असाल तर पीआरएसचा अर्ज भरण्यापूर्वी कोणता प्रदेश कोणाकडे आहे ते तपासा. त्याच हक्काचं, त्याच प्रदेशाचं काम दोघांकडे दिलं की दोन्हीकडचे पैसे थांबू शकतात.