कादंबरीतली ‘ऐकण्याची’ काल्पनिक साधना वाचकाला खरी वाटावी यासाठी काय करावं?

तुम्ही लिहिलंय की तुमच्या कादंबरीतल्या पंथाची सगळी साधना म्हणजे नुसतं खोलवर ऐकणं. शेवटच्या पायरीवर साधकाला दुसऱ्याच्या मनातलं ऐकू येतं, पण ज्यांना मसुदा वाचायला दिला त्यांना ते पटत नाही.

माझ्या मते अडचण मनातलं ऐकू येण्यात नाही. तिथवर पोचताना साधकाचं काहीच जात नाही, ही अडचण आहे. मी ध्वनिसंपादन करते, दिवसभर ऐकणं हेच माझं काम. एक आवाज नीट धरायचा तर बाकीचे सोडावे लागतात, हा रोजचा अनुभव आहे. कॉलिन चेरी या ब्रिटिश संशोधकांनी १९५३ साली यावरचे प्रयोग प्रसिद्ध केले होते. दोन कानांत दोन वेगळी भाषणं लावायची आणि एका कानातलं ऐकता ऐकता मोठ्याने म्हणत जायचं. लोकांना ते जमलं. पण दुसऱ्या कानातली भाषा मध्येच इंग्रजीची जर्मन झाली तरी त्यांच्या ते लक्षात आलं नाही. पुरुषाच्या जागी बाई बोलू लागली, एवढं मात्र कळलं.

आता तुमचा सर्वांत मुरलेला साधक घ्या. भिंतीपलीकडच्या माणसाचा श्वास तो ऐकतोय आणि शेजारी बसलेली स्वतःची मुलगी त्याला परत परत काहीतरी विचारतेय, ते त्याच्यापर्यंत पोचतच नाही. असा एक प्रसंग लिहिलात की साधनेची ताकद आणि किंमत दोन्ही दिसतील.

पहिला धडा घंटेचा ठेवा असं सुचवेन. गुरू एकच टोल देतो. शिष्यांनी डोळे मिटून बसायचं आणि आवाज संपला असं वाटेल तेव्हा हात वर करायचा. घंटेच्या आवाजात अनेक स्वर एकत्र असतात. वरचे, धारदार स्वर लवकर विरतात आणि खालचा घुमारा शेवटपर्यंत टिकतो. अधीर शिष्याचा हात वरचे स्वर गेले की लगेच वर जातो. दुसरा घुमाऱ्यासोबत थांबतो. तिसरीचा हात मात्र बराच वेळ खालीच राहतो. तेव्हा गुरूने विचारावं, “आत्ता ऐकतेयस ते घंटेचं की तुझं?” पंथाचं सगळं तत्त्वज्ञान या प्रश्नातून उलगडता येईल, प्रवचनाची गरज पडणार नाही.

‘तुझं’ म्हणायला शरीरात खरा आधार आहे. कान नुसता आवाज घेत नाही, तो स्वतः अतिशय क्षीण आवाज बाहेरही टाकतो. डेव्हिड केम्प या ब्रिटिश संशोधकांनी हे १९७८ साली दाखवलं. नवजात बाळांच्या श्रवणचाचणीची एक पद्धत याच आवाजांवर चालते. आतल्या नादाकडे लक्ष लावण्याची परंपरा तर फार जुनी. हठयोगप्रदीपिका या योगावरच्या जुन्या संस्कृत ग्रंथाच्या चौथ्या उपदेशात, म्हणजे प्रकरणात, नादांचा क्रमच दिलाय: आधी समुद्र, मेघ, भेरी (मोठा नगारा) असे मोठे नाद, मग मर्दल (मृदंगासारखं वाद्य), शंख, घंटा आणि शेवटी किंकिणी (घुंगरू), वेणू, वीणा, भुंगा. हा क्रम जसाच्या तसा उचलू नका, ती लोकांची जिवंत साधना आहे. दिशा मात्र जरूर घ्या, स्थूलाकडून सूक्ष्माकडे.

आणि गुरू म्हातारा असू द्या! मला यात सगळ्यात जास्त शक्यता दिसते. तरुण कानाची वरची हद्द साधारण २०,००० हर्ट्झ धरतात. वय वाढतं तशी ती खाली सरकते, म्हणजे उंच पट्टीचे बारीक आवाज आधी जातात. माणसाच्या आतल्या कानातल्या, आवाज टिपणाऱ्या केसपेशी एकदा मेल्या की पुन्हा येत नाहीत. साधना सूक्ष्माकडे निघालेली आणि देह नेमका उलट्या वाटेवर. शिष्य रातकिड्यांचा आवाज थर उलगडत वर्णन करतोय, गुरू मान डोलावतोय, आणि गुरूसाठी ते रातकिडे कधीच गप्प झालेत. ‘स’, ‘श’ ही व्यंजनंही त्याला धूसर ऐकू येतात. कोणीतरी बोलतंय हे कळतं, काय बोलतंय ते निसटतं. हे तो शिष्यांना सांगतो की लपवतो? मी तुमच्या जागी असते तर पंथाचा इतिहास आणि दीक्षाविधी बाजूला ठेवून याच्यावरच पानं खर्च केली असती.

मनातलं ऐकू येणं ठेवायचंच असेल तर ते कानाला खरोखर ऐकू येणाऱ्या गोष्टींवर उभं करा. उत्तर देण्याआधी जरा जास्तच खोल घेतलेला श्वास, गिळलेला आवंढा, वाक्य संपलं तरी खाली न उतरलेला सूर. साधिका यांवरून समोरचा खोटं बोलतोय असं ठरवते आणि बहुतेक वेळा तिचं बरोबर निघतं. एकदा मात्र तिला चुकू द्या. समोरचा नुसता घाबरलेला असतो, आणि तिच्या शब्दावर विसंबून पंथ त्याला बाहेर काढतो.