आठ मतांनी मंजूर झालेला अविश्वास ठराव टिकेल का?

प्रश्न : डिसेंबर २०२२ मध्ये मी थेट जनतेतून सरपंच म्हणून निवडून आले. ग्रामपंचायतीत अकरा सदस्य आहेत. त्यांतल्या आठ जणांनी पाणीपुरवठ्याच्या कामाबद्दल खोटे आरोप करून अविश्वास ठराव आणला. सोमवारच्या विशेष बैठकीला माझ्यासह दहा जण हजर होते. ठरावाच्या बाजूने आठ मतं, विरोधात माझं आणि एका सदस्याचं. तहसीलदारांनी ठराव मंजूर झाल्याचं जाहीर केलं. बैठकीची नोटीसही माझ्या हातात न देता सासूबाईंकडे दिली होती. आरोप खोटे आहेत हे दाखवणारी बिलं आणि मोजमाप पुस्तिकेच्या नकला मी गोळा करते आहे. पुढे काय करू?

उत्तर : सरपंचताई, बिलं बाजूला ठेवा. ठरावाला आव्हान द्यायला महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम ३५ नुसार ठराव झाल्यापासून फक्त सात दिवस मिळतात. म्हणूनच तुमचं पत्र आलं त्याच दिवशी उत्तर देतो आहे. जिल्हाधिकाऱ्यांकडे विवाद अर्ज शुक्रवारीच दाखल करा. उशीर माफ होईल या भरवशावर राहू नका.

आरोप खोटे असल्याचं तुम्हाला किती लागलं असेल ते कळतं. पण अविश्वास ठरावात आरोप खरे की खोटे, हे तपासलं जात नाही. असा ठराव कारण न देताही आणता येतो, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७४ सालीच गुजरातमधल्या एका नगरपालिकेच्या प्रकरणात स्पष्ट केलं आहे. तपासलं जातं ते बहुमत आणि कार्यपद्धती.

आणि तुमचा खरा मुद्दा बहुमताचाच आहे. ठराव मंजूर व्हायला तीन चतुर्थांश मतं लागतात, आणि ती मोजायची बैठकीत बसण्याचा व मत देण्याचा हक्क असलेल्या एकूण सदस्यांच्या. हजर किती होते, याला इथे अर्थ नाही. दहापैकी आठ म्हणून तहसीलदारांनी ठराव मंजूर धरलेला दिसतो. पण अकराचे तीन चतुर्थांश सव्वाआठ, म्हणजे नऊ मतं हवीत. तुम्हाला धरून बारा मोजले तरी नऊच. आठ कुठल्याच हिशेबात पुरत नाहीत.

मात्र एक गोष्ट आधी खात्रीने तपासा. गैरहजर राहिलेले दोघे त्या दिवशी सदस्य होते ना? राखीव जागेवर निवडून येऊन जात वैधता प्रमाणपत्र मुदतीत न दिल्याने कुणी अपात्र ठरलं असेल, किंवा कुणाचा राजीनामा मंजूर झाला असेल, तर एकूण संख्याच घटते. ती दहावर आली की आठ मतं पुरेशी होतात. विरोधी वकील पहिला हल्ला इथेच करतील.

नोटिशीचा मुद्दा अर्जात लिहा, पण त्यावर विसंबू नका. तुम्ही बैठकीला गेलात, मतही दिलंत. मग नोटीस सासूबाईंच्या हाती पडल्याने तुमचं नुकसान काय झालं, असं विचारलं जाईल. निवडीनंतर पहिली दोन वर्षं ठराव आणता येत नाही, पण तो काळ तुमच्या बाबतीत संपलेला आहे.

तहसील कार्यालयात आजच लेखी अर्ज देऊन बैठकीचं इतिवृत्त, हजेरीपत्रक आणि ठरावाच्या नोटिशीची नक्कल मागा आणि त्या अर्जावर पोच घ्या. नकला हाती येण्याची वाट पाहत विवाद अर्ज मात्र अडवू नका. 'नकला मागितल्या आहेत' एवढं लिहून ती पोच जोडा. सोबत स्थगितीचा वेगळा अर्ज द्या.

एक मोठा दिलासा आहे. तुम्ही थेट निवडून आलेल्या सरपंच आहात. सदस्यांनी ठराव केला तरी विशेष ग्रामसभेत गुप्त मतदानाने तो मंजूर झाल्याशिवाय तुमचं पद जात नाही. त्यामुळे कुणी पदभार मागितला तर कायद्याच्या कोणत्या तरतुदीखाली, हे लेखी मागा. दडपणाखाली राजीनामा मुळीच देऊ नका. ती पाणीपुरवठ्याची बिलं मात्र जपून ठेवा. ग्रामसभेपूर्वी घरोघरी दाखवायला तीच लागतील.

जिल्हाधिकाऱ्यांचा निर्णय विरोधात गेला तर विभागीय आयुक्तांकडे अपील करता येतं, आणि त्यालाही सातच दिवस असतात. थेट उच्च न्यायालयात गेलात तर आधी ही पायरी चढा, असंच बहुधा सांगितलं जाईल.