एक चुलतभाऊ सही देत नाही, तर रत्नागिरीतल्या सामाईक जमिनीचं आणि घराचं वाटप तहसीलदाराकडे होईल का?

नाही, दिवाणी न्यायालयात वाटपाचा दावाच लावावा लागेल. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ८५ खाली तहसीलदार व्यवहारात सगळ्यांची संमती असेल तरच वाटप करतात. हक्काचा वाद निघाला की न्यायालयाच्या निकालापर्यंत अर्ज थांबतो. न्यायालय आधी फक्त हिस्से ठरवतं (प्राथमिक हुकूमनामा). मग शेतजमीन दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते आणि मोजणी होऊन सरस-निरस (जमिनीचा कस, प्रत पाहून) वाटप होतं. घरासाठी कोर्ट कमिशनर (न्यायालयाने नेमलेला माणूस) येतो. जमिनीच्या वाटपाच्या वेळी कातळाचे गुंठे आणि हापूसची कलमं वेगवेगळी मांडा, नाहीतर क्षेत्र समान पडतं, उत्पन्न नाही. अंतिम हुकूमनाम्यासाठी पूर्वी वेगळा अर्ज लागायचा; २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की प्राथमिक हुकूमनाम्यानंतर न्यायालयाने स्वतःहून पुढची कार्यवाही करावी.

दावे रखडतात ते बहुधा यामुळे:
- लग्न झालेल्या आत्या किंवा मुंबईकर हिस्सेदार पक्षकार केलेले नसतात.
- एखादा गट (जमिनीचा गट नंबर) किंवा घराचा असेसमेंट उतारा (घरपट्टीच्या नोंदीचा) राहून जातो.

हिंदू वारसा कायद्याने मुलींचा वडिलोपार्जित हिस्सा मुलांइतकाच. मात्र २० डिसेंबर २००४ पूर्वी नोंदणीकृत दस्ताने किंवा हुकूमनाम्याने झालेलं वाटप त्या आधारावर पुन्हा उघडत नाही. तेव्हा असं वाटप झालंय का ते कळायला जुने फेरफार (हक्कनोंदीतले बदल) आधी काढा.